वॉरगेम्स बघायची असेल तर दाराकडे बघा

माझी भाची ऐरोलीला राहते आणि शनिवारी संध्याकाळी एकदा आली की रविवारी रात्रीच परत जाते, तोपर्यंत आमच्या वर्तकनगरच्या घरातला टीव्ही तिच्या ताब्यात. 2023 च्या नोव्हेंबरात तिला पहिल्यांदाच माझ्याबरोबर भल्या सकाळी उठून सर्वायव्हर सीरिज बघायची होती, म्हणजे डब्ल्यूडब्ल्यूई या अमेरिकेतल्या कुस्ती कंपनीचा मोठा शो, आणि त्यातली वॉरगेम्स नावाची मॅच. तिकडे अमेरिकेत शनिवारची रात्र, इकडे आपली रविवारची सकाळ, बाहेर नोव्हेंबर असून अवकाळी पाऊस पडून गेलेला, गॅलरीतले वाळलेले कपडे परत ओले, आई चहा टाकत होती आणि आम्ही दोघी एकाच गोधडीत. स्क्रीनवर दोन रिंगा शेजारी शेजारी आणि दोन्हींना मिळून एकच भलामोठा जाळीचा पिंजरा. ती म्हणाली, "मावशी, दोन रिंग कशाला? मग मॅच कुठल्या रिंगमध्ये आहे?"

मला तिच्या प्रश्नाचं एवढं बरं वाटलं ना, कारण हा प्रश्न मोठी माणसं विचारतच नाहीत, ती डायरेक्ट "हे सगळं खोटं असतं" इथून सुरुवात करतात. त्या दिवशी मी तिला जे जे सांगितलं तेच इथे लिहितेय, कारण आता ऑफिसातले दोघं आणि शेजारचा एक मुलगा पण विचारायला लागलेत की ही वॉरगेम्स मॅच नक्की काय भानगड आहे आणि कुठून बघायला सुरुवात करायची.

दोन रिंगांचं आधी सांगते. आम्ही लहान असताना खोपटला राहायचो, दोन खोल्या, मे महिन्यात काकाची दोन्ही पोरं यायची, मग मी, दादा आणि ते दोघं असे चौघं. एका गादीवर चौघांची कुस्ती होत नाही, कोणीतरी सारखं फरशीवर जातं, म्हणून दादाने दोन गाद्या शेजारी शेजारी टाकल्या. वॉरगेम्स हे नाव तेव्हा आम्हाला माहीत पण नव्हतं, आम्हाला फक्त जागा हवी होती. पण झालं काय, दोन गाद्या आल्याबरोबर खेळच बदलला. एका गादीवर दादा आणि मोठा चुलतभाऊ जुंपलेले, दुसऱ्या गादीवर मी आणि धाकटा, आणि मधेच कोणीतरी आपलं भांडण सोडून या गादीवरून त्या गादीवर उडी मारायचा, पाठीमागून, न सांगता. आणि दोन गाद्यांच्या मधे जी फट असायची तिच्यात पाय गेला की थंडगार फरशी लागायची आणि माणूस पडायचाच. आता टीव्हीवर दोन रिंगांच्या मधली ती पट्टी दिसली की माझ्या पायाला आपोआप ती फरशी आठवते. वॉरगेम्समध्ये तीच जागा सगळ्यात वाईट आहे, एका रिंगचे रोप आणि दुसऱ्या रिंगचे रोप यांच्या मधली बोळ, तिथे सापडलेल्या माणसाला धड इकडे जाता येत नाही धड तिकडे. तर उत्तर हे की मॅच दोन्ही रिंगांमध्ये असते, एकाच वेळी.

आता नियम. दोन टीम, बहुतेक वेळा चार-चार किंवा पाच-पाच जणांच्या. सुरुवातीला प्रत्येक टीमचा एकच माणूस पिंजऱ्यात जातो, बाकीचे बाहेर, हल्ली त्यांना पण स्टेजजवळ वेगळ्या छोट्या पिंजऱ्यात कोंडून ठेवतात. पहिली पाच मिनिटं हे दोघंच. मग घड्याळ संपतं, बझर वाजतो आणि एका टीमचा दुसरा माणूस आत येतो, म्हणजे दोन विरुद्ध एक. ठरलेला वेळ गेला की समोरच्या टीमचा माणूस, बरोबरी झाली. परत पहिल्या टीमचा, तीन विरुद्ध दोन. असं करत करत सगळे आत आले की मगच मॅच खऱ्या अर्थाने सुरू होते, त्याआधी जिंकताच येत नाही. कोणाला कितीही मारा, चीत करा, बेशुद्ध पाडा, सगळे आत येईपर्यंत निकाल नाही. भाचीला हे कळायलाच दहा मिनिटं लागली, ती म्हणे मग आधी मारून काय उपयोग. उपयोग हा की शेवटचा माणूस आत येईल तेव्हा समोरच्या टीमचे पहिले दोघं उभेच राहू शकले नाही पाहिजेत.

साध्या स्टील केज मॅचमध्ये काय असतं, तुम्ही दारातून नाहीतर वरून चढून बाहेर पडलात, पाय जमिनीला लागले की जिंकलात. तिथे दार म्हणजे सुटका. इथे बाहेर पडून कोणी जिंकत नाही. इथे दार फक्त आत येण्यासाठी आहे, आणि म्हणून मी प्रत्येकाला हेच सांगते की वॉरगेम्स बघताना मारामारी जिथे चाललीय तिथे तर बघाच, पण एक डोळा दारावर ठेवा. या मॅचमधलं जे जे लक्षात राहण्यासारखं घडलंय त्यातलं निम्म्याहून जास्त दारात घडलंय.

हे सगळं डोक्यातून काढलं डस्टी ऱ्होड्स या माणसाने. आपल्याकडे त्याला फार कोणी ओळखत नाही, ओळखतात ते त्याच्या पोराला, कोडी ऱ्होड्सला. डस्टी म्हणजे ढेरपोट्या, बोबडा, प्लंबरचा मुलगा, आणि तरीही पब्लिकचा जीव की प्राण, कारण तो त्यांच्यातलाच वाटायचा. जिम क्रॉकेट प्रमोशन्स या कुस्ती कंपनीत तो स्वतः खेळायचा पण आणि मॅचेस ठरवायचा पण. तिथे रिक फ्लेअर आणि त्याची फोर हॉर्समन गँग, सूट, गॉगल, महागडी घड्याळं, आणि चौघं मिळून एकाला गाठायचे. हे कित्येक महिने चाललं होतं, एकटा सापडला की ठोकायचा. मग अशा गँगला धडा शिकवायचा तर अशी जागा हवी जिथून पळता येणार नाही आणि जिथे आपले पण तेवढेच असतील. 4 जुलै 1987, अटलांटामधलं ओम्नी कलिझियम, पहिली वॉरगेम्स. एका बाजूला फ्लेअर, आर्न अँडरसन, टली ब्लँचर्ड, लेक्स लुगर आणि त्यांचा मॅनेजर जे. जे. डिलन, दुसऱ्या बाजूला डस्टी, निकिता कोलॉफ, रोड वॉरियर्स म्हणजे हॉक आणि ॲनिमल, आणि त्यांचा मॅनेजर पॉल एलरिंग. मॅनेजर लोकांना पण आत घेतलं हे मला फार आवडतं, वर्षभर बाहेरून कोट घालून काड्या करणारा माणूस आता जाळीच्या आत आहे आणि दाराला कुलूप आहे. शेवटी शरण आला तो डिलनच.

"शरण आला" हे मी मुद्दाम लिहिलं. जुन्या वॉरगेम्समध्ये, अगदी शेवटच्या एक-दोन सोडल्या तर, पिन नव्हतीच. खांदे टेकवून एक दोन तीन नाही. समोरच्याने तोंडाने हार मानायची, किंवा त्याच्या वतीने कोणीतरी मानायची, तेव्हाच संपणार.

यावर आमच्या बाबांचं म्हणणं ऐकण्यासारखं आहे. बाबा मूळचे कराडकडचे, खाशाबा जाधवांच्या भागातले, लहानपणी लाल मातीत उतरलेले, त्यामुळे डब्ल्यूडब्ल्यूई लावलं की ते पेपर वर करून बसतात. त्यांच्या मते पाठ टेकली की कुस्ती संपली, चितपट म्हणजे चितपट, उगाच पुढे मारायचं काम नाही. मी त्यांना एकदा सांगितलं की बाबा, ही एक मॅच अशी होती की पाठ टेकली तरी चालायचं, फक्त "हरलो" म्हणायचं नाही. त्यांनी पेपर खाली केला. म्हणाले, "हे वाईट. पाठ टेकणं हे अंगाचं हरणं आहे, तोंडाने म्हणायचं म्हणजे मन हरावं लागतं." मग कधी नव्हे ते शेजारी बसून त्यांनी माझ्या मोबाईलवर अख्खी मॅच बघितली, आणि मधे दोनदा चष्मा पुसला. मला वाटतं बाबांनी एका वाक्यात ती मॅच समजावली. पिनमध्ये तीन सेकंद दुर्लक्ष झालं तरी माणूस हरतो, पण शरण येण्यासाठी त्याला ठरवावं लागतं, आणि त्याहून भारी म्हणजे त्याचा मित्र ते ठरवू शकतो. मित्राला मार पडतोय ते बघवत नाही म्हणून मी अख्ख्या टीमची हार मान्य करायची, हा प्रश्न साध्या मॅचमध्ये येतच नाही.

1991 ला रेसलवॉर या शोमध्ये हेच झालं. ब्रायन पिलमन आधीच खांद्याला पट्ट्या बांधून आलेला, अंगाने लहान, आणि समोर सिड व्हिशस, एवढा मोठा राक्षस. तेव्हाच्या पिंजऱ्याला वरून छप्पर असायचं आणि ते फार खाली होतं. सिडने त्याला पॉवरबॉम्बसाठी, म्हणजे वर उचलून पाठीवर आपटायच्या डावासाठी, उचललं तर पिलमनचे पाय छताला लागले, नीट फिरता आलं नाही, मानेवर आल्यासारखा आदळला. सिडने परत उचललं. शेवटी पिलमनच्या बाजूचा एल जायगँटे बाहेरून आला आणि त्याच्या वतीने हार मान्य केली. पिलमन पडलेलाच. हे बघताना भाचीने मला विचारलं की हे खोटं ना? मी तिला खरं तेच सांगितलं, की कोण जिंकणार ते आधी ठरलेलं असतं, नाटकात कोण मरणार ते ठरलेलं असतं तसं, पण नाटकात तलवार लाकडाची असते आणि इथे जाळी लोखंडाची आहे. पहिल्याच मॅचमध्ये डिलनचा खांदा निखळला होता, पुढच्या वॉरगेम्सला त्याच्या जागी दुसरा माणूस घ्यावा लागला. 2024 ला व्हँकुव्हरमध्ये ब्रॉन्सन रीड पिंजऱ्याच्या माथ्यावरून खाली झेपावला, समोरच्याला बाजूला ओढलं गेलं, आणि पाय मोडून घेऊन कित्येक महिने घरी बसला. तेवढ्या उंचीवरून दीडशे किलोच्या आसपासचा माणूस आदळतो तेव्हा निकाल ठरलेला असला काय नि नसला काय. म्हणून घरी मुलं बघत असतील तर हे त्यांना स्पष्ट सांगा, आम्ही गाद्यांवर जे केलं ते पण करायला नको होतं, धाकट्या चुलतभावाचं मनगट त्या फटीतच मुरगळलं होतं आणि महिनाभर पट्टा होता.

पहिल्यांदा आत कोण जातं याकडे लक्ष द्या. ठाण्यात राहणाऱ्याला हे दहीहंडीवरून पटकन कळेल. टेंभीनाक्याला सगळे बघतात वरच्या थराला, सर्वात वर चढणाऱ्या पोराला, फोटो त्याचेच. पण मंडळातल्या लोकांना विचारा, ते सांगतील की खरी हंडी तळाचा थर फोडतो, जो पहिला उभा राहतो, शेवटपर्यंत हलत नाही आणि ज्याला वर काय चाललंय ते दिसत पण नाही. वॉरगेम्समध्ये पहिला आत जाणारा तो तळाच्या थराचा गोविंदा आहे. हल्ली साधारणपणे तीन-तीन मिनिटांनी माणूस सोडतात, पाच-पाच जणांची मॅच असेल तर हिशेब करा, पहिली पाच मिनिटं आणि मग आठ जण, म्हणजे शेवटचा माणूस आत येतो तेव्हा 26 मिनिटं होऊन गेलेली असतात. पहिला माणूस ती सगळी 26 मिनिटं आत आहे, आणि मॅच आत्ता कुठे सुरू होतेय. शेवटचा येतो तो ताजातवाना, म्युझिक वाजवत, आल्या आल्या चौघांना लोळवतो आणि पब्लिक त्याच्यासाठी ओरडतं, ओरडावंच, पण दहा मिनिटांनी तुम्ही त्या पहिल्याकडे परत बघा, तो अजून रोप धरून उभं राहायचा प्रयत्न करत असतो.

आणि दुसरा हिशेब ॲडव्हान्टेजचा. ज्या टीमला आधी माणूस पाठवायला मिळतो तिच्याकडे चार वेळा एक माणूस जास्त असतो, तीन-तीन मिनिटं धरली तर एकूण 12 मिनिटं. जुन्या काळी दोन-दोन मिनिटांनी सोडायचे तेव्हा आठ. हे कोणाला मिळणार ते आधी नाणेफेकीवर ठरायचं आणि बहुतेक वेळा टॉस व्हिलन टीमच जिंकायची, आता आधीच्या आठवड्यात वेगळी मॅच ठेवून ठरवतात. टॉस व्हिलनच का जिंकतो यावर लोक चिडतात, मला मात्र ते बरोबर वाटतं. चांगली टीम दोनावर तीन असेल तर बघण्यात काय जीव राहणार? आपला माणूस दोघांचा मार खातोय आणि त्याचा जोडीदार बाहेर दाराची जाळी दोन्ही हातांनी धरून उभा आहे, घड्याळात अजून एक मिनिट चाळीस सेकंद आहेत, तो आत येऊ शकत नाही, रेफरी सोडत नाही. वॉरगेम्सचा सगळा जीव त्या एक मिनिट चाळीस सेकंदांत आहे. कबड्डीत माणसं कमी कमी होत जातात, सात राहतात तीन, तेव्हा काळजी लागते, इथे उलट आहे, माणूस येणार आहे हे माहीत असतं आणि तो येईपर्यंत आपला टिकला पाहिजे. टेबलं, काठ्या, कचऱ्याचे डबे हे सगळं हल्ली रिंगखालून निघतं आणि त्याचा जरा अतिरेकच होतोय असं माझं स्पष्ट मत आहे, जो तो आत यायच्या आधी रिंगखाली वाकून पाच वस्तू फेकत बसतो आणि तोपर्यंत आत मार खाणारा बिचारा वाट बघतोय. जोडीदार मार खात असताना माणूस धावत गेला पाहिजे.

आता दारातल्या गोष्टी. 1997 च्या फॉल ब्रॉल या शोमध्ये हॉर्समन टीममध्ये कर्ट हेनिग हा नवीन घेतलेला, सगळ्यांनी विश्वास टाकलेला, तो समोरच्या टोळीला, एनडब्ल्यूओला जाऊन मिळाला. फ्लेअरला दारात आडवा धरला आणि टीममधल्या स्टीव्ह मॅकमायकलला सांगितलं की हार मान. मॅकमायकल हातकडीत अडकलेला, त्याने फ्लेअरसाठी हार मानली. हार मानल्यावर पण हेनिगने दार फ्लेअरच्या डोक्यावर आपटलंच. मला त्या मॅचमधलं बाकी काही आठवत नाही, पण मॅकमायकलने तोंड उघडलं आणि तरी दार बंद झालं ते विसरत नाही.

2019 ला एनएक्सटीमध्ये, म्हणजे डब्ल्यूडब्ल्यूईच्याच नव्या खेळाडूंच्या शोमध्ये, पहिल्यांदा बायकांची वॉरगेम्स झाली, माझ्या मते तरी पुरुषांच्या बऱ्याच मॅचेसपेक्षा ती सरस आहे. रिया रिप्लीची टीम विरुद्ध शेना बॅझलरची टीम. रियाच्या टीममधली डकोटा काई, तिची वेळ झाली, तिच्या छोट्या पिंजऱ्याचं दार उघडलं, दोन पावलं पुढे गेली आणि वळली, आणि मागे उभ्या असलेल्या स्वतःच्या जिवलग मैत्रिणीवर, टेगन नॉक्सवर तुटून पडली, तिच्या आधीच्या दुखऱ्या गुडघ्यावर दार आपटलं. एका मिनिटात रियाच्या टीमच्या दोन मुली गेल्या, एक गद्दार झाली, एकीला उचलून नेलं. आत रिया आणि कॅन्डिस लेरे, समोर चौघी. मी ते बघितलं तेव्हा ठाणे स्टेशनवरून फास्ट लोकलमध्ये लेडीज डब्यात उभी होते, मोबाईल एका हातात, दुसरा हात वरच्या कडीला, आणि मुलुंड कधी गेलं कळलं नाही. शेवटी रियाने हातकडी काढून स्वतःचा हात शेनाच्या हाताला अडकवला, की आता तू पण कुठे जात नाहीस आणि मी पण नाही, आणि तशीच उचलून खुर्च्यांवर आपटून पिन केलं. आम्ही लहान असताना दादाचे ट्रम्प कार्ड्स असायचे डब्ल्यूडब्ल्यूएफचे (डब्ल्यूडब्ल्यूईचं तेव्हाचं नाव), हाइट, वेट, चेस्ट, बायसेप्स, रँक, मला पाठ होते, आणि त्या अख्ख्या पुड्यात बाई शोधायला गेलं तर सापडायची नाही. म्हणून ती मॅच मला माझी वाटते, हे सांगायला मला काहीही संकोच नाही.

2022 पासून डब्ल्यूडब्ल्यूईने वॉरगेम्स मोठ्या शोमध्ये, सर्वायव्हर सीरिजमध्ये आणली. गंमत बघा, पहिली सर्वायव्हर सीरिज 26 नोव्हेंबर 1987 ला झाली होती, वॉरगेम्स सुरू झाली त्याच वर्षी, पण वॉरगेम्स समोरच्या कंपनीत, जिम क्रॉकेटकडे. ती समोरची कंपनी पुढे डब्ल्यूसीडब्ल्यू झाली आणि 2001 ला विकली गेली, वॉरगेम्स बरीच वर्षं पडून राहिली, 2017 ला एनएक्सटीमध्ये परत आली, यावेळी छप्पर काढून आणि पिन चालेल असा नियम करून. आणि ज्या दिवशी दोन्ही एकत्र झाल्या ती तारीख पण 26 नोव्हेंबर, 2022, बरोबर 35 वर्षांनी, बॉस्टनला. पिन चालते हा बदल मला आधी अजिबात आवडला नव्हता, बाबांना तर अजूनही नाही. पण बॉस्टनची मॅच बघितली आणि मी थोडी मऊ पडले. सॅमी झेन रोमन रेन्सच्या टोळीत घुसलेला, त्याच्यावर त्याच टोळीतल्या जे उसोचा काडीचाही विश्वास नाही, आणि समोरच्या टीममध्ये केव्हिन ओवन्स, सॅमीचा कित्येक वर्षांचा मित्र. ओवन्सने रोमनला पिन केलं, एक, दोन, आणि सॅमीने रेफरीचा हातच धरला. ओवन्स त्याच्याकडे बघतो, सॅमी त्याच्याकडे बघतो. मग सॅमीने मित्राला कमरेखाली मारलं, लाथ घातली आणि जेला सांगितलं, घे, तू पिन कर. तो धरलेला हात पिनचा नियम नसता तर आला नसता, तेवढं मी मान्य करते.

तर परत आमच्या रविवार सकाळकडे. भाचीने वहीचं मागचं पान फाडलं, मधे रेघ मारली, डावीकडे कोडीची टीम, उजवीकडे जजमेंट डे ही टोळी आणि ड्रू मॅकिन्टायर, आणि जो आत जाईल त्याच्यासाठी एक उभी काडी. उजवीकडची काडी नेहमी आधी पडायची, ॲडव्हान्टेज त्यांना होता. तिला आता दार कळलेलं, बझर वाजायच्या आधीच ती स्टेजकडे बघायला लागली होती. एक सोडून सगळे आत गेले, उजवीकडे पाच काड्या, डावीकडे चार. डावीकडचा पाचवा म्हणजे रँडी ऑर्टन, पाठीच्या दुखण्यामुळे मे 2022 पासून, म्हणजे दीड वर्ष रिंगबाहेर. घड्याळ संपलं. ऑर्टन नाही. उलट रिया रिप्ली ब्रीफकेस घेऊन आली, ही ब्रीफकेस ज्याची तो हवं तेव्हा चॅम्पियनला आव्हान देऊ शकतो, जजमेंट डेचा डेमियन प्रीस्ट ती कॅश करायच्या बेतात, भाची पेन्सिल हातात धरून गोधडीतून गुडघ्यावर उठून बसलेली, आई पण चहाचा कप घेऊन दारात थांबली. आणि मग ते म्युझिक. भाचीने पाचवी काडी मारली ती आधीच्या चार काड्यांवर आडवी, गठ्ठा बांधल्यासारखी, आणि जोरात, पान फाटलं तिथे.

शेवटी प्रीस्टला पिन केलं कोडीने. डस्टी 2015 ला गेला, त्याला हे बघायला मिळालं नाही. त्याने जी मॅच जन्माला घातली ती त्याच्या मुलाने मेन इव्हेंटमध्ये जिंकली, आणि त्या मॅचमध्ये पब्लिक सगळ्यात जास्त ओरडलं ते दारातून उशिरा आलेल्या एका माणसासाठी. शोच्या अगदी शेवटी कंपनी सोडून गेलेला सीएम पंक परत आला तो दंगा वेगळाच, इमारतीतला तो शेजारचा मुलगा खालून ओरडला तेव्हा आम्हाला कळलं की आपण एकटेच बघत नव्हतो. मग तिघं मिळून मामलेदारला मिसळ खायला गेलो, रांगेत उभं राहून परत सगळी मॅच बोललो.

आता कुठून सुरुवात करायची. माझं ऐकाल तर 1992 ची रेसलवॉर आधी बघा, जॅक्सनव्हिल, स्टिंगची टीम विरुद्ध डेंजरस अलायन्स. स्टिंग, रिकी स्टीमबोट, डस्टिन ऱ्होड्स, बॅरी विंडहम, निकिता कोलॉफ, आणि समोर रिक रूड, आर्न अँडरसन, बॉबी ईटन, लॅरी झिबिस्को आणि तेव्हाचा केसवाला स्टीव्ह ऑस्टिन, हो तोच, स्टोन कोल्ड व्हायच्या आधीचा. बाबांनी बघितली ती हीच. रूड आणि झिबिस्को मॅच चालू असताना एका कोपऱ्यात टर्नबकल, म्हणजे रोप ताणून धरणारा लोखंडी जोड, उघडत बसतात, तुम्हाला कळत नाही का, रोप सैल पडतो, लोखंडी दांडा हातात येतो, आणि झिबिस्को तो स्टिंगवर उगारतो तर बसतो स्वतःच्याच ईटनला, हातावर. स्टिंग लगेच तोच हात पिरगळतो आणि ईटन हार मानतो. सगळं जुळून येतं आणि कुठलीही वस्तू रिंगखालून आणलेली नाही. मग 2019 ची बायकांची बघा, मग 2022 ची. 1991 ची लहान मुलांबरोबर बघू नका. आणि कुठलीही बघा, पहिली पाच मिनिटं फॉरवर्ड करू नका, दोघंच असतात आणि सावकाश चालतं म्हणून लोक पुढे ढकलतात, पण पंचविसाव्या मिनिटाला तो माणूस असा का चालतोय ते त्या पाच मिनिटांत असतं. कागद-पेन्सिल जवळ ठेवा, दोन रकाने आखा, काड्या मारा.